राइट फील्डला कोण?

शाळेचा सॉफ्टबॉलचा संघ निवडताना आमच्याकडे एक रीत पडून गेली आहे. जिचा हात चालतो ती पिचर. धीट असेल ती कॅचर. चपळ मुलगी शॉर्टस्टॉपला, उंच मुलगी फर्स्ट बेसला. अशी वाटणी होत होत शेवटी एक मुलगी उरते. तिला चेंडूची भीती वाटत असते, किंवा नऊचा आकडा भरावा म्हणून तिला वर्गातून बोलावून आणलेलं असतं. तिला लांब कुठेतरी हात दाखवून सांगितलं जातं, "तू राइट फील्डला जा." मुलींना त्याचा अर्थ बरोबर कळतो. "मॅडम, माले तठे नका धाडू," असं कितीजणींनी मला काकुळतीने सांगितलं आहे. "तठे चेंडूच येत नही."

मी दोंडाईच्यात क्रीडाशिक्षिका आहे. त्याआधी धुळे जिल्ह्याच्या संघातून राइट फील्डलाच खेळले. ही रीत मुळातून चुकीची आहे, एवढंच मला या लेखात सांगायचं आहे. त्यासाठी मी जगातल्या सर्वांत नावाजलेल्या राइट फील्डरांपैकी एकाची कारकीर्द उलगडून दाखवणार आहे. त्याला मैदानात पाठवताना कुणी "उरलेला" म्हटलं नव्हतं.

हा खेळ कधीच न पाहिलेल्यांसाठी आधी थोडं. सॉफ्टबॉल बेसबॉलमधूनच निघाला, 1887 साली शिकागोत. दोन्हींत नऊ खेळाडू, चार बेस आणि मारून पळायचं तत्त्व एकच. बेसबॉलचा चेंडू साधारण 142 ते 149 ग्रॅमचा, म्हणजे क्रिकेटच्या चेंडूपेक्षा किंचित हलका. सॉफ्टबॉलचा चेंडू मोठा, त्याचा घेर बारा इंचांचा. बेसबॉलमध्ये दोन बेसमध्ये 90 फूट असतात, सॉफ्टबॉलमध्ये 60. बॅटला आमच्या मैदानांवर सगळे स्लगर म्हणतात. पिचर, कॅचर आणि बेसांजवळचे चौघे हे आतले सहा. उरलेले तिघे, लेफ्ट, सेंटर आणि राइट, हे आउटफिल्डर. व्यावसायिक बेसबॉलमध्ये मधलं कुंपण होम प्लेटपासून, म्हणजे मारणारा उभा राहतो तिथून, 400 फुटांच्या आसपास असतं. आतल्या सहाजणांच्या मागे पसरलेली ती सगळी जमीन या तिघांनी राखायची.

खानदेशात हा खेळ परका नाही. महाराष्ट्राचे संघ सॉफ्टबॉलमध्ये देशात वर्षानुवर्षं पुढे राहिले आहेत आणि त्यात जळगावचं नाव मोठं आहे. शालेय क्रीडा स्पर्धांत सॉफ्टबॉल आणि बेसबॉल दोन्ही आहेत. तालुका, जिल्हा, नाशिक विभाग, राज्य अशी पायरी चढत आमची मुलं जातात. क्रिकेटसारखी त्यांची नावं पेपरात झळकत नाहीत, पण मिरचीच्या पथाऱ्यांवर राबणाऱ्या आईबापांच्या मुलींनी याच खेळामुळे पहिल्यांदा महाराष्ट्राबाहेरची गाडी पकडलेली मी पाहिली आहे.

आता राइट फील्ड. शाळेच्या पातळीवर तिकडे चेंडू कमी जातात हे खरं. बहुतेक मुली उजव्या हाताने मारतात, आणि उजव्या हाताने ओढून मारलेला चेंडू लेफ्टकडे जातो. तेवढ्यावरून ती जागा सोपी ठरवायची? एक हिशेब करून पाहा. राइट फील्डमधून सर्वांत लांबची आणि सर्वांत मोलाची फेक थर्ड बेसला असते. फर्स्ट बेसवरचा धावपटू, राइटला हिट (बेस मिळवून देणारा फटका) बसली की, सेकंड ओलांडून थर्डकडे झेपावतो. त्याला रोखायचं तर पूर्ण मैदान तिरकं कापणारी फेक लागते. लेफ्ट फील्डरला थर्ड बेस जवळ असतो, राइट फील्डरला सर्वांत दूर. म्हणून व्यावसायिक संघात तीन आउटफिल्डरांपैकी ज्याचा हात सर्वांत तगडा त्यालाच राइट देतात. शाळेत उलटं होतं, आणि मग समोरच्या संघाच्या हुशार मुली मुद्दाम राइटकडे मारून तीन-तीन बेस पळतात. जिल्हा पातळीवर किती सामने असे गेले आहेत!

दुसरी गोष्ट उन्हाची. बेसबॉलच्या नियमपुस्तकात मैदान आखताना होम प्लेटपासून सेकंड बेसकडे जाणारी रेघ पूर्व-ईशान्येकडे असावी, असं सुचवलेलं आहे. म्हणजे दुपारनंतर ऊन मारणाऱ्याच्या डोळ्यांत जात नाही. ते जातं कुणाच्या डोळ्यांत? समोर उभ्या असलेल्या आउटफिल्डरांच्या, आणि त्यातही सर्वांत जास्त राइट फील्डरच्या. दोंडाईच्याच्या मार्चमधल्या चारच्या उन्हात वर गेलेला चेंडू शोधणं म्हणजे काय, हे तिथे उभं राहिल्याशिवाय कळत नाही. ग्लोज कपाळाच्या वर धरून सूर्य झाकायचा, चेंडूकडे तिरक्या अंगाने पाहायचं, आणि पाय मात्र थांबू द्यायचे नाहीत.

मग वारा. आमच्या पश्चिमेला साक्री तालुक्यात ब्राह्मणवेलच्या डोंगरांवर पवनचक्क्या उगीच उभ्या केलेल्या नाहीत. मे-जूनमध्ये इथला वारा उंच गेलेला चेंडू दहा-पंधरा पावलं सहज सरकवतो. मी मुलींना प्रत्येक इनिंगच्या सुरुवातीला चिमूटभर माती सोडून पाहायला लावते. आणि जमीन? काळी माती उन्हाळ्यात भेगाळते. सरपटत आलेला चेंडू भेगेच्या काठावर आपटून खांद्यापर्यंत उसळतो. अमेरिकेतल्या हिरवळीवर खेळणाऱ्याला ही परीक्षा कधीच द्यावी लागत नाही. आमच्या मुली ती रोज देतात, म्हणून मला त्यांचं जास्त कौतुक आहे.

आणि जी गोष्ट प्रेक्षकांना कधीच दिसत नाही ती म्हणजे पाठराखण. चेंडू आतल्या कुणाकडे गेला, तिने फर्स्ट बेसला फेकला, की राइट फील्डरने फर्स्ट बेसच्या मागे धावत जायचं. फेक हुकली तर अडवायला. शंभरातल्या नव्वद वेळा फेक हुकत नाही आणि ती धाव वाया जाते. तरीही पुढच्या वेळी पुन्हा धावायचंच. चेंडू येत नाही म्हणून राइट फील्डर मोकळी असते, हा समज इथेच खोटा ठरतो.

आता तो नावाजलेला राइट फील्डर, इचिरो सुझुकी. जन्म 22 ऑक्टोबर 1973, जपानच्या आयची प्रांतातला. नागोया शहराजवळचं तोयोयामा हे त्याचं गाव. वडील नोबुयुकी रोज शाळा सुटली की त्याला सरावाला नेत. विमानतळाजवळच्या बॅटिंग सेंटरवर यंत्रातून सुटणारे चेंडू तो संध्याकाळभर मारत राही. वडिलांनी त्याला डाव्या हाताने मारायला शिकवलं, कारण डावखुरा मारणारा फर्स्ट बेसच्या दोन पावलं जवळ असतो. फेकायचा मात्र उजव्याच हाताने. बाप-लेकाचं हे नातं पुढे कडवट झालं, हेही सांगायला हवं. लहान मुलाचं बालपण सरावात किती घालवावं, याचं उत्तर माझ्याकडे तयार नाही. दोंडाईच्यात मी त्याच्या वडिलांची पद्धत वापरणार नाही, एवढं मात्र नक्की.

1991 च्या निवडीत कोबे शहराच्या ओरिक्स ब्लूवेव्ह संघाने त्याला चौथ्या फेरीत घेतलं. म्हणजे त्याच्या आधी कितीतरी मुलं निवडली गेली. पहिली दोन वर्षं प्रशिक्षकाला त्याची एक पाय झुलवत मारायची पद्धत पसंत नव्हती. त्याचा बराच काळ दुय्यम संघात गेला. 1994 मध्ये अकिरा ओगी हे नवे प्रशिक्षक आले. त्यांनी त्याला त्याच्या पद्धतीने खेळू दिलं, आणि त्या मोसमात त्याने 130 सामन्यांत 210 हिट मारल्या. जपानमध्ये एका मोसमात दोनशेचा आकडा तोवर कुणी गाठला नव्हता. तिथून सलग सात वर्षं तो आपल्या लीगमध्ये फलंदाजीच्या सरासरीत पहिला राहिला. 17 जानेवारी 1995 ला कोबेत भूकंप झाला, हजारो माणसं गेली. त्याच वर्षी ओरिक्सने लीग जिंकली आणि पुढच्या वर्षी जपानचं विजेतेपदही. खेळाने घरं उभी राहत नाहीत, हे मला कळतं. तरी त्या शहराने त्या संघाला जसं उराशी धरलं, त्याची गोष्ट मला फार जवळची वाटते.

2001 मध्ये तो अमेरिकेत सिॲटल मरिनर्सकडे गेला. त्याच्याशी बोलणी करण्याचा नुसता हक्क मिळवायला सिॲटलने ओरिक्सला 1 कोटी 31 लाख 25 हजार डॉलर मोजले. तोवर अमेरिकेतल्या मेजर लीगमध्ये जपानी पिचर खेळले होते, पण रोज मैदानात उतरणारा, मारणारा जपानी खेळाडू कुणी नव्हता. हा सडपातळ माणूस तिथे टिकेल का, अशी शंका उघडपणे घेतली जात होती.

11 एप्रिल 2001. ओकलंडविरुद्धचा सामना, आठवी इनिंग. फर्स्ट बेसवर टेरेन्स लाँग हा धावपटू. राइट फील्डला हिट बसली. लाँग सेकंड ओलांडून थर्डकडे निघाला, आणि तसं निघणं अजिबात मूर्खपणाचं नव्हतं. इचिरोने पुढे धावत चेंडू उचलला आणि फेकला. तो चेंडू कुठेही टप्पा न खाता, फारसा वर न जाता, साधारण दोनशे फूट सरळ येऊन थर्ड बेसवाल्याच्या ग्लोजमध्ये शिरला. लाँग आउट. अमेरिकेत ती फेक आजही 'द थ्रो' या नावाने ओळखली जाते.

ती चित्रफीत मी मुलींना थांबवून थांबवून दाखवते. सगळ्या हाताकडे पाहतात. मी सांगते, पाय बघा. तो चेंडूवर सरळ चालून गेलेला नाही. जिकडे फेकायचं त्या दिशेला अंगाचा वेग मिळेल असा तो आधीच आला आहे. चेंडू उचलल्यावर एक छोटी उडी आहे, तिला क्रो हॉप म्हणतात. तिच्यामुळे धावण्यातला जोर खांद्यात येतो. बोटं चेंडूच्या शिवणीवर आडवी आहेत, म्हणजे चेंडू हवेत वळत नाही. दंडाचं काम शेवटी. आमच्या मुलींचे दंड शेतात निंदणी-खुरपणी करून चांगले घट्ट असतात. पावलं शिकवायची राहून जातात.

त्या पहिल्याच मोसमात इचिरोने 242 हिट मारल्या, 56 बेस चोरले (म्हणजे फटक्याची वाट न पाहता पळून गाठले), आणि सर्वोत्तम नवोदित व सर्वोत्तम खेळाडू असे लीगचे दोन्ही सन्मान मिळवले. त्याच्या आधी एकाच वर्षी दोन्ही मिळवणारा एकटा फ्रेड लिन, 1975 साली. सिॲटलने त्या वर्षी 116 सामने जिंकले. 2004 मध्ये इचिरोने एका मोसमात 262 हिट मारून जॉर्ज सिस्लरचा 1920 चा 257 चा विक्रम मोडला. 2001 ते 2010 अशी सलग दहा वर्षं दोनशेहून जास्त हिट, आणि त्या दहाही वर्षी क्षेत्ररक्षणाचा गोल्ड ग्लव्ह पुरस्कार. मला या आकड्यांत शेवटचा सर्वांत मोठा वाटतो. एखादं वर्ष कुणालाही चांगलं जातं. दहा वर्षं आउटफिल्डमध्ये उभं राहून, वर्षाला 162 सामने असलेल्या खेळात, लक्ष ढळू न देणं ही वेगळीच ताकद आहे.

त्याच्या सवयी अमेरिकन खेळाडूंना चमत्कारिक वाटत. चेंडू पडायच्या आधी, दोन पिचच्या मधल्या काही सेकंदांतही तो राइट फील्डला वाकून, ताणून अंग मोकळं करत राही. बॅटी दमट हवेने बिघडू नयेत म्हणून खास पेटीत ठेवी. आउट झाल्यावर बॅट आपटत नसे. ग्लोजला तेल लावायचं काम स्वतःचं. मेरठ-जालंधरचे आमचे साधे ग्लोज दोन मोसमांत फाटतात, कारण ते सामना संपला की पोत्यात कोंबले जातात. ही एक गोष्ट मी बदलली आहे. ज्या मुलीचा ग्लोज, तिनेच तो पुसून ठेवायचा.

आता पैशाचं. पालक मला हाच प्रश्न विचारतात, आणि तो विचारायलाच हवा. अमेरिकेत मेजर लीगमध्ये 2025 साली किमान वार्षिक पगार 7 लाख 60 हजार डॉलर होता. डिसेंबर 2024 मध्ये हुआन सोटो या राइट फील्डरने न्यू यॉर्क मेट्सशी 15 वर्षांचा 76 कोटी 50 लाख डॉलरचा करार केला. तोवर कुठल्याही खेळात एवढ्या रकमेचा करार झालेला नव्हता. पण ही वरची फांदी झाली. तिच्याखाली मायनर लीगच्या पायऱ्या आहेत. 2023 च्या करारानंतर अगदी खालच्या पायरीवर वर्षाला किमान 19,800 डॉलर आणि सर्वांत वरच्या पायरीवर 35,800 डॉलर मिळू लागले. अमेरिकेतल्या खर्चात ही जेमतेम पोट भरण्याची रक्कम. त्याआधी याहूनही कमी मिळत. बहुतेक मुलं तिथेच वर्षानुवर्षं बसने गावोगाव फिरतात आणि मेजर लीगचं दार न पाहताच घरी जातात. ज्यांना दार उघडतं, त्यांचं काय? विसाव्या शतकातल्या खेळाडूंवर झालेल्या एका अभ्यासात पिचर सोडून इतरांची सरासरी कारकीर्द 5.6 वर्षांची निघाली. आणि मर्जीच्या संघाशी मोकळेपणाने करार करण्याचा हक्क मिळतो सहा वर्षं पूर्ण झाल्यावर. म्हणजे खरा पैसा सुरू व्हायच्या आधीच सरासरी खेळाडूचा खेळ संपतो.

आउटफिल्डरच्या बाबतीत पाय आधी दगा देतात. 2015 पासून मेजर लीगच्या मैदानांवर कॅमेरे प्रत्येक धाव मोजतात. सेकंदाला 30 फूट पळणारा अव्वल धरला जातो. पिचरच्या हातून चेंडू सुटल्यावर पहिल्या तीन सेकंदांत आउटफिल्डर योग्य दिशेला किती सरकला, हेही मोजलं जातं. वय वाढलं की सेंटरवाल्याला कडेला हलवतात, मग बाकावर, मग निरोप. इचिरोलाही हे चुकलं नाही. 23 जुलै 2012 ला सिॲटलने त्याला न्यू यॉर्क यँकीजकडे दिलं, आणि त्याच संध्याकाळी सिॲटलच्याच मैदानात तो पाहुण्या संघाकडून उतरला. पुढे मायामीत तो बदली आउटफिल्डर झाला. मायामीच्या संघाकडून खेळतानाच 7 ऑगस्ट 2016 ला, वयाच्या 42 व्या वर्षी, त्याने अमेरिकेतली तीन हजारावी हिट मारली. 21 मार्च 2019 ला तोक्योत शेवटचा सामना. अमेरिकेतल्या 3,089 आणि जपानमधल्या 1,278 हिट त्याच्या नावावर राहिल्या. 2025 मध्ये त्याची हॉल ऑफ फेममध्ये निवड झाली, 394 पैकी 393 मतांनी.

भारतातून अमेरिकन बेसबॉलपर्यंत पोचलेली पहिली नावं रिंकू सिंग आणि दिनेश पटेल, उत्तर प्रदेशातल्या खेड्यांतली. 2008 मध्ये एका फेकण्याच्या स्पर्धेतून निवडून त्यांना पिट्सबर्ग पायरेट्सने करारावर घेतलं. दोघेही मूळचे भालाफेक करणारे, दोघेही पिचर. मायनर लीगच्या पुढे ते गेले नाहीत, पण गेले तिथपर्यंत जाणंही मोठं होतं. ज्याने लहानपणापासून बेसबॉल पाहिलेलाच नाही, त्याला वेगाने फेकायला काही महिन्यांत शिकवता येतं. आउटफिल्डरचं तसं नाही. चेंडू बॅटवरून निघताना आवाज कसा आला, तो वर चढतोय की बुडतोय, पहिलं पाऊल मागे टाकायचं की पुढे, हे हजारो चेंडू पाहिल्याशिवाय अंगात उतरत नाही. म्हणून माझा आग्रह असतो की सुरुवात पाचवी-सहावीत व्हावी.

इथल्या मुलीची कारकीर्द कशी असते? दहावी-बारावीला क्रीडागुण, राज्य-राष्ट्रीय प्रमाणपत्र, आणि पुढे शासकीय नोकरीतलं खेळाडूंचं पाच टक्के आरक्षण. हे कमी नाही. एका प्रमाणपत्रावर घर उभं राहिलेलं मी जवळून पाहिलं आहे, आणि त्यासाठी खेळणाऱ्या मुलीला मी कधीच कमी लेखणार नाही. वाईट याचं वाटतं की बारावीनंतर बहुतेकींचा ग्लोज सुटतो. मुलींना व्यावसायिक खेळ मिळणं जगातही अवघडच राहिलं. अमेरिकेत मुलींची व्यावसायिक बेसबॉल लीग 1943 ते 1954 चालली आणि बंद पडली. 2025 मध्ये तिथे महिलांची व्यावसायिक सॉफ्टबॉल लीग चार संघांनिशी सुरू झाली, आणि मेजर लीगने तिच्यात पैसे घातले. 2028 च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये बेसबॉल आणि सॉफ्टबॉल दोन्ही परत येत आहेत. आज आमच्या सातवीत असलेल्या मुलीने ही दारं आहेत एवढं तरी ऐकलेलं असावं.

संघ निवडताना मी आता राइट फील्डची जागा पहिल्या तिघींमध्ये भरते. लांब फेकणारी हवीच, पण त्याआधी मी पाहते की चेंडू नसताना ती काय करते. कॅचरने पिचरला चेंडू परत दिला तेव्हा जिची नजर मैदानात आहे, जी न सांगता दोन पावलं सरकली आहे, ती माझी राइट फील्डर. एकदा अशाच मुलीची आई भेटायला आली. लेकीला कोपऱ्यात टाकलं म्हणून ती दुखावली होती. मी तिला मैदानात त्या जागेवर नेऊन उभं केलं आणि थर्ड बेस दाखवला. "अक्का, इथून तिथे, एका दमात," म्हटलं. तिने अंतर पाहिलं, लेकीकडे पाहिलं. "हाई फेकस तठलोंग?" तिने विचारलं. लेकीने फेकून दाखवला.

इचिरोबद्दल एक गोष्ट राहिली, आणि माझ्या मुलींना ती द थ्रोपेक्षाही जास्त आवडते. निवृत्तीनंतर त्याने कोबेत हौशी मित्रांचा एक संघ काढला. डिसेंबर 2021 मध्ये हा संघ जपानमधल्या शाळकरी मुलींच्या निवडक बेसबॉल संघाशी खेळला. इचिरो तेव्हा 48 वर्षांचा. तो स्वतः पिचर म्हणून उतरला, पूर्ण सामना फेकला, 147 चेंडू टाकले, 17 मुलींना स्ट्राइकआउट केलं आणि एकही धाव दिली नाही. मी हे सांगितलं तेव्हा आमच्या पिचरचा पहिला प्रश्न होता, त्याने मुली म्हणून हळू नाही का टाकले? नाही, म्हटलं. मग त्या मुली पुन्हा खेळल्या का त्याच्याशी? हो, पुढच्या वर्षीही. ते ऐकून सगळ्यांना त्या 147 चेंडूंमधला एक तरी आपल्याला खेळायला मिळावा असं वाटू लागलं, आणि त्या दिवशी सराव अंधार पडेपर्यंत चालला.